तारापूरच्या तटावरची उडी

पालघर,
५ डिसेंबर १९६६

बाय,

हे पत्र तानीचं आहे. नाव ऐकून तू उठून जाशील म्हणून आधीच सांगते, मी काही मागायला लिहीत नाही. बसून ऐक. नाही आवडलं तर चुलीत घाल.

आपल्या कोळीवाड्यातली चांगुणा बाजाराच्या दिवशी इथे मासळी घेऊन येते आणि जाताना माझ्या दारात टेकते. तुझी सगळी खबर मला तिच्याकडूनच कळते. तुझा भिका अक्करपट्टीला अणुवीज कारखान्याच्या बांधकामावर लागला, हेही तिनेच सांगितलं. त्याची बायको सफाळ्याची, सातवी शिकलेली, आणि घरात आलेला कागद तीच वाचते असं कळलं, म्हणून लिहायचं धाडस केलं.

सूनबाई, तू मला पाहिलेलं नाहीस. मी तुझ्या सासूची धाकटी बहीण; ती थोरली म्हणून मी तिला बाय म्हणते. एक विनंती आहे, तिच्या उजव्या बाजूला बसून वाच. डाव्या कानाने तिला ऐकू येत नाही. का ते तिने तुला सांगितलं नसेल. तिने ते कुणालाच सांगितलेलं नाही.

बाय, मी इथल्या टॉकीजमध्ये बायकांच्या दारावर असते. तिकीट फाडते, रडणाऱ्या पोरांना आयांसकट बाहेर काढते, खेळ सुटला की विसरलेल्या चपला आणि पिशव्या गोळा करते. घरी शिवणाचं मशीन आहे. नवरा जाऊन नऊ वर्षं झाली. मूलबाळ झालं नाही. एवढं माझं.

गेल्या महिन्यात पुण्याहून बेहेरे नावाचे एक गृहस्थ मला शोधत आले. जुने मुके चित्रपट सापडतील तिथून गोळा करायचे आणि सांभाळून ठेवायचे, हे त्यांचं काम. मुंबईत एका घरच्या ट्रंकेत त्यांना आपल्या ‘खलाश्याची शपथ’ची दोन रिळं मिळाली. बाकीचा चित्रपट गेला. जळला की कुणी भंगारात विकला, ते कुणालाच माहीत नाही. त्या दोन रिळांत तारापूरचा किल्ला आहे, आणि एक मुलगी तटावरून समुद्रात उडी मारते. ती मिस निलांबरी (हे माझं पडद्यावरचं नाव) कोण, कुठली, आहे की गेली, ते विचारत ते मुंबई फिरले आणि शेवटी माझ्या दाराशी आले. चहा घेतला. वही उघडली. त्यांनी विचारलं त्याची मी उत्तरं दिली.

काय उत्तरं दिली ते आज लिहायचं नाही. आधी मला दुसरं काही लिहायचं आहे, आणि ते तू ऐकशील की नाही तेवढं कळू दे. निरोप चांगुणाकडे दे.

तानी


पालघर,
१४ डिसेंबर १९६६

बाय,

चांगुणा म्हणाली, पत्र ऐकलंस आणि उठून जाळं विणायला बसलीस. पण चुलीत घातलं नाहीस. मला एवढं पुरे आहे.

आता मी त्या दिवसाचं लिहिते. तुला सगळं माहीत आहे. पण आपल्या दोघींशिवाय ते कुणालाच माहीत नाही, आणि मी आजवर ते एकदाही मोठ्याने बोललेली नाही. सूनबाई मोठ्याने वाचेल. म्हणजे निदान एकदा तरी ते कुणाच्या तोंडून निघेल.

माघ महिना होता, १९२८ साल. मुंबईची कंपनी किल्ल्यात उतरली होती. खलाश्याच्या बहिणीचं काम करायला आणलेली बाई होडीत बसून इतकी आजारी झाली की तिला दुसऱ्याच दिवशी परत पाठवलं. डायरेक्टर साहेब कोळीवाड्यात मुलगी बघायला आले. मी सतरा वर्षांची, दिसायला बरी, आणि त्याहून जास्त म्हणजे मला पुढे पुढे करायची हौस. बाबा नको म्हणत होते. दोन दिवसांचं काम आहे, मी बरोबर राहीन, असं म्हणून तू त्यांना वळवलंस. काम असं होतं: तटावर उभं राहायचं, शत्रूची गलबतं पाहून घाबरायचं आणि भावाला सावध करायला खाली उडी टाकायची. पोहता येतं का, म्हणून त्यांनी विचारलं. कोळ्याच्या पोरीला पोहणं विचारता, असं मी हसून म्हटलं.

मला पोहता येत नव्हतं. आपल्यात बायका पाण्यात जातच कुठे होत्या? बाबांना मुलगा नव्हता म्हणून ते तुला लहानपणापासून होडीवर नेत होते. दर्या तुझा होता. मी किनाऱ्यावर मासळी निवडणारी.

पहिल्या दिवशी माझा चेहरा जवळून घेतला. दुसऱ्या दिवशी उडी. भरती पूर्ण आली होती. डायरेक्टर आणि कॅमेरा पार पलीकडच्या खडकावर होते, तिथून माणूस बोटाएवढा दिसावा. वर आपण दोघीच. खालून कुणीतरी पांढरं फडकं हलवलं. मी पुढे गेले, खाली पाहिलं आणि मागे फिरून तटाला धरून बसले. फडकं पुन्हा हललं. मी तुला म्हणाले की मला जमणार नाही, आणि आता बाबांना तोंड कसं दाखवू.

तू मला एक शब्द रागाने बोलली नाहीस. फक्त म्हणालीस, “घागरा दे तुजा. तू मरायची नाय आज.”

तटाच्या आड कपडे बदलले. तू तो हिरवा घागरा खोचलास, ओढणी डोक्यावरून घट्ट बांधलीस, आणि फडकं तिसऱ्यांदा हललं तेव्हा उडी टाकलीस. मी डोळे मिटले होते. तुझी उडी मी पाहिलीच नाही, बाय. ज्या उडीवर मी सारा जन्म काढला, ती मी पाहिली नव्हती.

तू कॅमेऱ्याच्या बाजूला न येता खडकांच्या मागून, खाडीच्या तोंडाने वर आलीस. मी धावत खाली आले. तुझ्या डाव्या कानातून रक्त येत होतं. पाण्यावर तू कानाच्या बाजूने आदळली होतीस. तरी तू आधी ओली घागरा-चोळी उतरवून मला दिलीस. माझ्या केसांवर तूच ओंजळीने पाणी ओतलंस. मला ढकलून म्हणालीस, जा, ते शोधत असतील.

चोळीच्या खांद्याला तुझं रक्त लागलेलं होतं. डायरेक्टरांनी ते पाहिलं आणि स्वतःचा कोट काढून माझ्याभोवती गुंडाळला. कुठे लागलं, असं सगळे विचारत होते. मी म्हणाले, काही नाही. माझ्या अंगावर ओरखडासुद्धा नव्हता, ते खरंच होतं. आणि लोक म्हणाले, पोरगी मोठी धीराची.

त्यांनी मला मुंबईला न्यायचं ठरवलं तेव्हा मी रडले, आठवतं? मी तुला म्हटलं, हे तुझं आहे. तू म्हणालीस, “माज्या तोंडाकडं कोण बघल? तुज्याकडं बघतात. जा तू.” कान बांधलेला होता. तो कधी बरा होणार नाही, हे तेव्हा दोघींनाही माहीत नव्हतं.

तानी


पालघर,
२३ डिसेंबर १९६६

बाय,

तू सूनबाईला ते पत्र दोनदा वाचायला लावलंस असं चांगुणाने सांगितलं. दुसऱ्या वेळेस मध्येच म्हणालीस म्हणे, “फडका चार येळा हलला, तीन नाय.” असेल. तुझंच बरोबर असेल.

आता अवघड भाग आहे. सूनबाई, वाचताना थांबू नकोस आणि काही गाळू नकोस.

मुंबईत मी तीन वर्षं काम केलं. चित्रपट तीन. पहिल्याने नाव झालं. दुसरा होता ‘बेटावरची राणी’. त्यात मला डोलकाठीवरून उडी मारायची होती. तलावातच मोठं गलबत उभं केलं होतं, खाली पुरुषभरच पाणी. मी वर चढले आणि तिथेच गोठले. तासभर सगळे समजावत होते. शेवटी एका पहिलवानाला घागरा नेसवून त्याच्याकडून उडी मारून घेतली. डायरेक्टर माझ्याकडे पाहत राहिले. त्यांना कळलं असावं. तिसऱ्या चित्रपटात मला राणीच्या मागे पंखा धरून उभं केलं. मग बोलपट आले आणि कंपनीच मिटली. मिस निलांबरीची कारकीर्द एवढीच.

पण त्या कंपनीत कमलाकांत म्हणून एक वयस्कर गृहस्थ होते. पडद्यावर मध्ये मध्ये अक्षरं येत, ती लिहायचं काम त्यांचं. मी रिकामी बसलेली दिसले की ते पाटी पुढे करायचे. त्यांच्याकडून मी वाचायला शिकले. म्हणून माझं लिहिणं असं पुस्तकी आहे, हसू नकोस. कपडेपटात मला शिवण शिकवलं. तिथल्याच सुतारकामातल्या माणसाशी माझं लग्न झालं, चांगला माणूस होता, कधी हात उचलला नाही. पोटापाण्याचं, अक्षराचं, माणसाचं, जे मिळालं ते तिथेच मिळालं. आणि तिथे मला कुणी नेलं, ते मी कधी विसरले नाही. सांगितलं मात्र नाही.

आता गिरगावातल्या थिएटरचं.

पहिला चित्रपट लागून दोन आठवडे झाले होते. आवारात मंडप होता, माझ्या गळ्यात हार, आणि वर्तमानपत्रवाले विचारत होते की एवढ्या उंचावरून उडी मारताना भीती नाही का वाटली. मी सांगत होते. मी फार छान सांगत असे, बाय. वारा कसा होता, पाणी कसं वर आलं, सगळं. तेवढ्यात तू फाटकातून आलीस. डोक्यावर सुक्या बोंबलांची पाटी. बोईसरपर्यंत चालत, मग आगगाडीने, विचारत विचारत आली होतीस, आपल्या उडीचा चित्रपट बघायला. तू माझ्या शेजारी येऊन उभी राहिलीस आणि हसलीस. एकाने विचारलं, ही कोण?

मी म्हणाले, गावाकडची मासळीवाली आहे.

मला वाटलं होतं, तू माझ्या उजवीकडे उभी आहेस म्हणजे तुझा डावा कान माझ्याकडे आहे. तुला ऐकू जाणार नाही. इतका विचार मी त्या क्षणात केला. पण तू माझ्याकडे वळून उभी होतीस. तुझं हसू होतं तिथेच राहिलं, फक्त डोळ्यांतून गेलं. तू पाटी खाली ठेवलीस आणि आत न जाता निघून गेलीस.

मी तुझ्या मागे आले नाही. मी पुढचं उत्तर दिलं.

आई गेली तेव्हा आले, तर तू ओसरीवरून उठून आत गेलीस. बाबांच्या वेळी मी आलेच नाही. दोघांचं सगळं तू केलंस.

आणि आता बेहेऱ्यांचं. त्यांनी मला विचारलं, “ती उडी तुम्हीच मारली होती ना?” मी हो म्हटलं. अडतीस वर्षांची सवय, तोंडातून निघून गेलं. त्यांनी ते लिहून घेतलं, माझा फोटो काढला. या सगळ्याचं पुस्तक छापणार आहेत म्हणाले. ते गेल्यावर मी कप विसळायला घेतला आणि तशीच मोरीवर बसून राहिले. छापलं की मग ते कायमचं. मी गेल्यावरही ती उडी माझीच राहणार.

म्हणून दुसऱ्या दिवशी तुला पहिलं पत्र लिहायला घेतलं. त्याला दहा दिवस लागले.

तानी


पालघर,
९ जानेवारी १९६७

बाय,

दोन बाजार गेले, तुझा निरोप नाही. तू कामात आहेस, एवढंच चांगुणा सांगते आणि माझ्याकडे न पाहता टोपली उचलते. मी समजले. तुझ्या जागी मी असते तर तेवढाही निरोप दिला नसता.

तरी हे कळवायला हवं. मी बेहेऱ्यांना खरं लिहून पाठवलं. उडी माझी थोरली बहीण येसू हिने मारली, मी खोटं बोलले, ते खोडा. ते रागावतील, रिळं परत डब्यात टाकतील, असं वाटत होतं. त्यांचं उलट उत्तर आलं. ते लिहितात की ही गोष्ट त्यांना पहिल्याहून मोलाची वाटते, पण तुझ्या तोंडून ऐकल्याशिवाय आणि तुला विचारल्याशिवाय ते तुझं नाव छापणार नाहीत. ते त्या रिळांची नवी प्रत घेऊन येत आहेत. रविवारी, २२ तारखेला, सकाळी दहा वाजता आमच्या टॉकीजमध्ये दाखवतील. मॅनेजरने तासभर पडदा द्यायचं कबूल केलं आहे. बाहेरचं कुणी नसेल.

तू ये असं म्हणायचा मला हक्क नाही. मी त्या दिवशी दारावर असेन. नकोशी वाटले तर तुझं पाहून होईपर्यंत मी बाजारात जाऊन बसेन. पण तू बघ. ती उडी तुझी आहे आणि तू ती कधी पाहिलेली नाहीस.

तानी


पालघर,
२५ जानेवारी १९६७

बाय,

तू बसमध्ये बसून गेलीस त्याला तीन दिवस झाले. मी जे पाहिलं ते लिहून ठेवते.

तू पावणेदहालाच आलीस, भिका आणि सूनबाईला घेऊन. ठेवणीतलं लुगडं नेसून, केसात अबोली. मी तुला आधी ओळखलंच नाही. मी चेहरा शोधत होते वीस वर्षांचा. मॅनेजर विचारू लागला, या कोण आल्या. मी तोंड उघडायच्या आत तू म्हणालीस, “मी हिची बाय.” आणि मला बाजूला सारून आत गेलीस. त्या तीन शब्दांवर मी आणखी वीस वर्षं दारावर उभी राहीन.

एवढ्या मोठ्या थिएटरात आपण सात माणसं. पियानो नाही, पेटी नाही, नुसता वर यंत्राचा आवाज. सगळी माणसं घाईघाईने चालत होती. जुन्या चित्रपटात तसंच दिसतं, असं बेहेरे म्हणाले. तू म्हणालीस, “पयल्यापासून मुंबैवाले असेच चालतात.” भिका हसला.

मग तट आला. हिरवा घागरा पडद्यावर राखाडी दिसत होता. फडकं चार वेळा हललं की तीन, ते काही दिसलं नाही. एक बारीकशी बाई तटाच्या टोकाला आली, थांबली नाही, हात पसरले आणि गेली. खाली पांढरा फेस. बस, तेवढंच. बेहेऱ्यांनी मोजलं होतं, चार सेकंद. भिका उभा राहिला. त्याला आदल्या दिवशी सूनबाईने सांगितलं होतं, पण ऐकणं वेगळं आणि बघणं वेगळं. तो म्हणाला, “आये, ही तू हायेस?” तू मान हलवलीस, आणि म्हणालीस की पाय जुळवायला हवे होते, म्हणून तर कान गेला.

बेहेऱ्यांनी वही घेऊन तुझं पूर्ण नाव विचारलं. तू बाबांचं नाव लावून सांगितलंस, नवऱ्याचं नाही, कारण तेव्हा लग्न झालं नव्हतं. मला ते सुचलंही नसतं. छापायला हरकत नाही ना, म्हणून त्यांनी विचारलं. तू म्हणालीस, छापा, पण दोघींची नावं छापा, आम्ही दोघी होतो.

मग तू पुन्हा दाखवा म्हणालीस. त्यांना वाटलं, उडी पुन्हा बघायची आहे. तू म्हणालीस, उडी नको, त्याच्या आधीचं. कुणाला कळेना. आधी फक्त माझा चेहरा आहे, पहिल्या दिवशी घेतलेला, जवळून. मी शत्रूची गलबतं बघून घाबरते आहे. मला त्याची लाजच वाटत होती. इतका वाईट अभिनय, नुसते डोळे मोठे केलेले आणि ओठ थरथरताहेत.

त्यांनी रीळ मागे घेतलं. माझा तो सतरा वर्षांचा चेहरा भिंतीएवढा झाला. तू पुढच्या खुर्चीची पाठ धरून पुढे वाकलीस. मी तुझ्या मागच्या रांगेत होते. तुझा चेहरा मला दिसत नव्हता, पण तू पदर डोळ्यांना लावलेला दिसला. उडीच्या वेळी तू पदराला हातही लावला नव्हतास.

तू सूनबाईला म्हणालीस, मला नाही, “ही पोर बघ कशी भेदरलीय. पयल्या दिवसापासून भेदरलेली होती, आन् मला दिसलं नाय. मी हिला धाडली मुंबैला येकलीला.”

बाय, मी त्या चेहऱ्याला अडतीस वर्षं खोटारडा म्हणत आले. तू त्याच्याकडे पाहून रडलीस. माझ्यासाठी तू जे केलंस त्यात तटावरची उडी मी आता दुसऱ्या नंबरावर ठेवते.

तुझी
तानी